पॉवरवॉश सिम्युलेटर: व्हॅन अपग्रेड कुठून होते? सापडतच नाहीये

डबा_आणि_ब्रश
नमस्कार मंडळी, प्रश्न येडा वाटेल पण दोन दिवस झाले शोधतोय. सेलमध्ये पॉवरवॉश सिम्युलेटर (पाण्याच्या फवाऱ्यानं घाण धुवायचा गेम) घेतला, करिअर मोड चालू केला, पहिलंच काम काय तर आपली चिखलानं बरबटलेली व्हॅन धुवायची. धुतली, मस्त चकाचक केली, म्हणलं चला गाडी तयार झाली आता धंदा सुरू. मग मागची बाग केली, आता बंगला चालू आहे आणि तीन संध्याकाळी गेल्या तरी संपत नाहीये.

तर मी काय केलं, एकही पैसा खर्च केला नाही. सगळं साठवून ठेवलं कारण मला वाटलं की पुढे व्हॅन अपग्रेड येणार, मोठी गाडी घेतली की मोठी मशीन बसणार, मोठी मशीन बसली की मोठी कामं मिळणार, असंच असतं ना बहुतेक गेममध्ये. दुकानात सगळे टॅब उघडून बघितले. मशीन आहेत, नोझल (फवाऱ्याची तोंडं) आहेत, साबण आहेत, कपडे आणि हातमोजे पण आहेत, पण गाडी नाही. अजून अनलॉक व्हायची आहे का? किती स्टार लागतात? का मी चुकीच्या ठिकाणी बघतोय?

आधी हाऊस फ्लिपर खेळलोय (घरं दुरुस्त करून विकायचा गेम, पहिला, २०१८ चा) त्यात पण गाडी नव्हती, टॅबलेटवर टाइल्सची ऑर्डर दिली की लगेच हातात. तेव्हा वाटलं होतं कामगाराला साधी एक गाडी नाही राव. इथे पहिल्याच कामात गाडी दाखवली म्हणून आशा लागली.

रात्रपाळी
भावा गाडीचं अपग्रेड नाहीच आहे या गेममध्ये. अनलॉक वगैरे काही नाही. ती व्हॅन म्हणजे फक्त पहिलं काम, ट्युटोरियल म्हण. सपाट पत्रा, थोडे कोपरे, चाकं, काच, म्हणजे पाणी कसं मारायचं ते हाताला कळावं म्हणून ठेवलीये. त्यानंतर तिचा मशीनशी काही संबंध नाही. आणि विचार करून बघ, पाणी संपत नाही, पाइप कुठे अडकत नाही, शिडी नि परांची जिथे लागते तिथे साइटवर आधीच ठेवलेली असते, फक्त उचलून सरकवायची. मग गाडीत ठेवणार काय?

पैसे साठवून ठेवलेस ते मात्र बरं झालं एका अर्थानं. तू अजून सुरुवातीच्या प्राइम व्हिस्टा १५०० मशीनवर बंगला धुतोयस म्हणून तीन संध्याकाळी गेल्या. या गेममध्ये गाडी म्हणजे मशीनच समज. सगळा खेळ तिथे आहे. हलक्या मशीनवर रुंद फवारा लावला तर घट्ट बसलेली घाण हलतच नाही, मग अरुंद फवारा लावावा लागतो आणि अख्खी भिंत पेन्सिलनं रंगवल्यासारखी रेघ रेघ करत बसतो आपण. ताकदीची मशीन घेतली की तीच घाण रुंद फवाऱ्यानं जाते. वेळ वाचतो तो इथे.

कोपऱ्यातला_डाग
+१ रात्रपाळीला. फक्त एक सांगतो, मधली अर्बन एक्स मशीन घेऊ नकोस. थेट प्राइम व्हिस्टा ३००० साठी थांब. मी अर्बन एक्स घेतली होती, चार कामं केली आणि ३००० घ्यायची वेळ आली, वर अर्बन एक्ससाठी घेतलेली, उंचावर पोचायची लांब नळी तिच्यासोबतच गेली. पैसे पाण्यात, म्हणजे अक्षरशः.

नोझलचं लक्षात ठेव, लाल म्हणजे ० अंश, एकच टोकदार धार. पिवळा १५, हिरवा २५, पांढरा ४०. नवीन माणूस घाबरून लालच धरून बसतो कारण त्यानं सगळं निघतं. निघतं, पण एका खिडकीला तू म्हातारा होशील. पिवळ्यानं सुरू कर, निघतंय असं दिसलं की हिरव्यावर जा, अडलं तिथेच लाल. आणि नोझल आडवा उभा फिरवता येतो हे बऱ्याच जणांना दहाव्या कामापर्यंत माहीत नसतं. फळ्यांची भिंत असेल तर फळीच्या दिशेनं धर.

साबण घेऊ नको. प्रत्येक पृष्ठभागाचा वेगळा साबण, लाकडाचा वेगळा काचेचा वेगळा, आणि संपतो. चांगली मशीन असेल तर गरजच पडत नाही. कपडे तर नकोच, धुताना स्वतःला दिसतोस कुठे तू.

सोसायटीची_टाकी
अर्बन एक्स घेऊ नको हे सांगणं सोपंय ज्यांचा गेम संपलाय त्यांना 😄 ३००० पर्यंत थांबायचं म्हणजे तोपर्यंत १५०० वरच रखडायचं, आणि ह्याच काळात लोक गेम सोडून देतात. मी अर्बन एक्स घेतली, मला एका दिवसात फरक जाणवला, मजा आली, पुढे खेळले. गेममधले पैसे वाचवून कुणाला नवीन फ्लॅट घ्यायचाय? वाटलं तर घे रे.

साबणाबद्दल पण तसंच. काचेवर साबण मारून पुसल्यासारखं एका फटक्यात निघतं तेव्हा जे वाटतं ते वाटू दे की माणसाला.

पेंटरकाका_कोल्हापूर
मुलांनो मी गेम खेळत नाही फारसा, माझा मुलगा खेळतो आणि मी मागे बसून बघतो. पण गाडीचा विषय निघाला म्हणून लिहितो कारण त्या नाशकातल्या का कुठल्या पोराला जे वाटलं ना ते अगदी बरोबर वाटलं.

आमचा रंगकामाचा धंदा. पहिली दहा वर्षं सायकल आणि मग हातगाडी, मग सेकंडहँड छोटा हत्ती घेतला, म्हणजे टाटाचा एस, ती गाडी २००५ ला बाजारात आली आणि आमच्यासारख्यांचं जगणं बदललं हे मी शपथेवर सांगतो. त्याआधी टेम्पो भाड्यानं. घोडी (दुहेरी शिडी) न्यायची, फळ्या न्यायच्या, लांबीची म्हणजे पुट्टीची पोती, डबे, रोलर, पॉलिश पेपर, जुन्या चादरी अंथरायला. हे एका खेपेत गेलं तर दिवस आपला, दोन खेपा झाल्या की दुपारच्या डब्यापर्यंत भिंतीला हात लागत नाही. गिऱ्हाइकाला वाटतं माणसं उशिरा आली. आम्ही सकाळी सातपासून ओझीच वाहत असतो. त्यामुळे गाडी मोठी झाली की काम मोठं मिळतं हे गेमचं नाही, खऱ्या धंद्याचं गणित आहे. गेमवाल्यांनी ते गाळलं. शहाणपणाच केला म्हणा, खेपा मारायला कोण पैसे देऊन गेम घेईल.

आता नोझलचं. ते लाल पिवळा हिरवा पांढरा रंग खऱ्या मशीनला पण तेच असतात हं, अंशसुद्धा तेच. आम्ही वॉटरप्रूफिंगच्या आधी गच्चीवरचं शेवाळ काढायला भाड्यानं मशीन आणतो. लाल नोझल मी पोरांच्या हातात देतच नाही. एकानं सागवानी दारावर जवळून मारला, लाकडाचे रेषे उभे राहिले, दार परत पॉलिश करून द्यावं लागलं आमच्या खिशातून. गेममध्ये तुम्ही काचेवर लाल मारता आणि काच हसत उभी राहते. आणि दुसरं म्हणजे धुतलेली भिंत लगेच कोरडी! आम्ही धुतल्यावर सुकायची वाट बघत बसतो, आत ओल राहिली आणि वर रंग मारला तर पहिल्या पावसाळ्यात फुगे येतात. मुलगा म्हणतो पप्पा गेम आहे. आहे बाबा.

रात्रपाळी
काका कमाल लिहिलंत. खेपेचं वाचून हसू पण आलं आणि पटलं पण. हाऊस फ्लिपरमध्ये रोलरची स्किल वाढवली की एका हातात भिंतीचे जास्त पट्टे रंगतात, तेव्हा माझ्या डोक्यात आलं होतं की हे खऱ्यात असतं तर किती बरं.

पेंटरकाका_कोल्हापूर
खऱ्यात नऊ इंची रोलर असतो आणि खांदा दुखतो. स्किल तीच.

ट्रक_पाहिजे
ज्यांना खरोखर गाडी घेणं, बदलणं, मोठी करणं हाच भाग आवडतो त्यांनी धुलाईत शोधू नका, कन्स्ट्रक्शन सिम्युलेटर बघा, २०२२ चा. त्यात सगळा गेमच गाड्यांचा आहे. कॅटरपिलर, लिबहेर, मान असल्या खऱ्या कंपन्यांच्या मशीन आहेत, एक नकाशा अमेरिकेचा एक जर्मनीचा. विकत घ्यायची ऐपत नसेल तर कामापुरती भाड्यानं घेता येते. सुरुवातीला मी हौसेनं विकत घेत सुटलो आणि मग मशीन यार्डात नुसती उभी. काकांनी टेम्पो भाड्याचं लिहिलं ना, तेच. रोज लागते ती आपली, महिन्यातून एकदा लागते ती भाड्यानं.

मात्र तो आरामाचा गेम नाही. मागे वळवताना ट्रेलर उलटा जातो तेव्हा घाम फुटतो. मधलं काहीतरी हवं असेल तर लॉन मोइंग सिम्युलेटर, २०२१ चा, इंग्लंडातली गवतं कापायची, तिथे अपग्रेड म्हणजे गवत कापायची मशीन. आधी लहान, मग बसून चालवायची, हाताखाली माणसं पण ठेवता येतात. कंटाळवाणा आहे असं लोक म्हणतात. मला आवडला, मी कंटाळवाणा माणूस आहे.

डबा_आणि_ब्रश
बापरे एवढी उत्तरं! सगळ्यांचे आभार, काका तुमचे विशेष (मी नाशकातलाच आहे, कसं ओळखलंत 😅).

तर अपडेट. कोपऱ्यातला डाग यांचं ऐकून थांबणार होतो पण सोसायटीची टाकी ताईंचं वाचलं आणि अर्बन एक्स घेऊन टाकली, माफ करा. पण नळी नाही घेतली, ते लक्षात ठेवलं, उंचावर परांची सरकवून काम भागवलं. बंगल्याचं उरलेलं एका बैठकीत उरकलं, म्हणजे जवळपास. आता ९९ टक्क्यावर अडकलोय. अख्खा बंगला चकचकीत दिसतोय, घाण कुठे आहे तेच कळत नाही. अर्धा तास भिंतींना नुसतं पाणी घालत फिरतोय मंदिरात प्रदक्षिणा घालावी तसा.

कोपऱ्यातला_डाग
घेतलीच शेवटी. असो.

कीबोर्डवरचं टॅब बटण दाबलंस का? टॅब दाबला की राहिलेली घाण काही क्षण उजळून दिसते. आणि भागांची यादी उघड, कुठला भाग पूर्ण झाला नाही ते त्यात असतं. यादीत नाव बघायचं, मग फक्त त्याच भागाकडे बघून टॅब. तो भाग संपला की टिंग वाजतं, शेवटचे ठिपके गेम स्वतःच साफ करतो, त्यामुळे सुईनं शोधायची गरज नाही, जवळपास पोचलं तरी चालतं.

बंगल्यात माझं नेहमी राहायचं ते म्हणजे पन्हळीची खालची बाजू, खिडकीच्या चौकटीची वरची कड आणि दाराच्या उंबऱ्याखाली. उभं राहून दिसत नाही. खाली बसता येतं, आडवं पण झोपता येतं, झोपून वर बघ. माझं नाव कोपऱ्यातला डाग उगाच नाहीये.

सोसायटीची_टाकी
पन्हळच असणार 😂 मला पण तीच छळली होती. आणि एकट्यानं कंटाळा आला तर करिअर दोघं मिळून खेळता येतं, मी बहिणीबरोबर खेळते, ती पुण्यात मी टोरांटोत. तिकडे रात्र असते माझ्याकडे सकाळ, ती भिंतीच्या एका बाजूला मी दुसऱ्या, आणि गप्पा भलत्याच चालू. प्रगती मात्र ज्याचा गेम उघडलाय त्याच्याकडेच धरली जाते, ते आधी ठरवून घ्या नाहीतर भांडणं होतात. आमची झाली.

डबा_आणि_ब्रश
पन्हळच होती!! मागच्या बाजूची, खालून, एवढासा हिरवा पट्टा. झोपून बघितलं तेव्हा दिसला. टिंग वाजलं तेव्हा मी खुर्चीतून उठलो होतो.

मग शेवटी तो टाइमलॅप्स येतो ना, सगळं काम भराभर दाखवतात, त्यात दिसलं की पहिल्या तीन संध्याकाळी मी लाल नोझल घेऊन एकाच भिंतीवर रेघा मारत होतो आणि मग अर्बन एक्स आली आणि उरलेलं घर भसाभस. लाज वाटली जरा.

आणि एक वेडेपणा केला. फ्री प्लेमध्ये जाऊन ती व्हॅन परत धुतली, नवीन मशीननं. पहिल्यांदा एवढा वेळ लागला होता आणि आता चहा गार व्हायच्या आत झाली. अपग्रेड नाही तर नाही, धुऊन तर ठेवली.

पेंटरकाका_कोल्हापूर
चांगलं केलंस. आमचा छोटा हत्ती रविवारी धुतो आम्ही, हौद्यातला वाळलेला रंग मात्र काही केल्या निघत नाही, लाल नोझलनं पण नाही. आता पुढचं काम काय आलंय तुला?

डबा_आणि_ब्रश
मुलांचं खेळायचं मैदान काका. घसरगुंडी, झोके सगळं.

कोपऱ्यातला_डाग
घसरगुंडीची खालची बाजू. आत्ताच सांगून ठेवतो.