वर्षातून दोनदा पडणारा कवडसा: काल्पनिक जगाचं हे गणित टिकतंय का?

रंकाळाकाठ
कादंबरीसाठी एक जग रचतोय. तिथल्या तांबडखोऱ्यात डोंगरात ६० मीटर आत खोदलेलं एक लेणं आहे. तोंड बरोबर पश्चिमेला, ६० सें.मी. रुंद, २ मीटर उंच. मागच्या भिंतीशी मीटरभर उंचीची मूर्ती. मावळतीचा कवडसा वर्षातून दोनदा, तीन-तीन संध्याकाळी, पायांपासून मुखापर्यंत चढतो. बीज अर्थातच कोल्हापूरच्या आपल्या अंबाबाईच्या किरणोत्सवाचं, म्हणजे मावळतीची किरणं देवळात मूर्तीपर्यंत पोचतात त्या सोहळ्याचं.

वर्ष ३०० दिवसांचं, दिवस २४ तासांचा, ग्रहाचा आस ३० अंश कललेला, कक्षा गोल, सूर्य आपल्याएवढाच दिसतो, अक्षांश कोल्हापूरचाच म्हणजे १६.७ उत्तर. दोन कवडशांत बरोबर १५० दिवस आणि दोन्ही वेळा पौर्णिमा. मजकुरात कवडशाची कड 'तलवारीच्या पात्यासारखी' आहे. कुठं चुकतंय?

करवीर गणित
१५० दिवसांचं अंतर बरोबर आहे, तीन संध्याकाळी चुकल्यात. तोंड थेट पश्चिमेला म्हणजे कवडसा विषुवदिनी, दिवस-रात्र सारखे असतात तेव्हा पडणार, आणि नेमका तेव्हाच सूर्य रोज सगळ्यात जास्त सरकतो. तुमच्या ग्रहावर मावळतीची जागा त्या दिवसांत रोज ०.६३ अंश हलेल. ६० मीटरवर ६० सें.मी. म्हणजे ०.५७ अंशांची फट. त्यात सूर्यबिंबाचा अर्धा अंश मिळवा, एकूण १.०७. भागाकार करा: १.७. कधी एक संध्याकाळ, कधी दोन. तिसरी मिळणार नाही.

किरणोत्सवाच्या तारखा बघा. ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी. मधली अंतरं सारखी नाहीत: एकीकडं ८३ दिवस, दुसरीकडं २८२. १० नोव्हेंबर हा २१ डिसेंबरच्या, म्हणजे सूर्य सगळ्यात दक्षिणेला असतो त्या दिवसाच्या, ४१ दिवस आधी, ३१ जानेवारी ४१ दिवस नंतर. सूर्य दक्षिणेला जाताना एकदा त्या रेषेवर येतो, परतताना पुन्हा. तेव्हा तो पश्चिमेच्या सुमारे १८ अंश दक्षिणेला मावळतो आणि रोज पाव अंशाहून थोडंच जास्त सरकतो. तीन दिवस जमतात ते त्यामुळं.

तुम्हीही लेण्याचं तोंड पश्चिमेकडून २७ अंश दक्षिणेला फिरवा. रोजचा सरक ०.३५ अंशावर येतो आणि भागाकार ३.०५. कवडसा दक्षिणायनाच्या टोकाच्या २५ दिवस आधी आणि २५ दिवस नंतर पडेल, म्हणजे अंतरं ५० आणि २५०. फट दीड मीटर रुंद करूनही तीन दिवस मिळतील, पण मग तो कवडसा राहत नाही, नुसता उजेड होतो. मी तोंडच फिरवीन.

शून्यसावली
पौर्णिमेचं बघा. कवडसा सूर्याचा, तिथी चंद्राची. आपलं चांद्रवर्ष सौरवर्षापेक्षा ११ दिवसांनी लहान, म्हणून किरणोत्सव तिथीनं नाही, इंग्रजी तारखेनं येतो. तुमच्या जगात मात्र सोय आहे. पौर्णिमा ते पौर्णिमा बरोबर २५ दिवस ठेवा. ५०, २५० आणि ३००, तिन्हींना २५ नं भाग जातो, दरवेळी पौर्णिमा येईल. पण 'बरोबर' म्हणजे बरोबरच. महिना अर्ध्या तासानं जरी लांबला तरी वर्षाला ६ तास, चार वर्षांत एक दिवस, आणि ५० वर्षांनी कवडसा अमावस्येला. पिढ्यांची कथा असेल तर ही चूक मुद्दाम ठेवण्यासारखी आहे.

दगडी उंबरा
कड तलवारीसारखी असूच शकत नाही. सूर्य ठिपका नाही, अर्ध्या अंशाचं बिंब आहे. ६० मीटर आत गेल्यावर कडेला अर्ध्या मीटरहून रुंद धूसर पट्टा येतो. आधी तांबूस झाक, मग पूर्ण उजेड, असं लिहा.

चढणही नीट मांडा. सूर्य १.९ अंशांवर आला की उजेड जमिनीवरून सरकत मूर्तीच्या पायांशी पोचतो, ०.९५ वर आला की मुखाशी. मध्ये साधारण साडेचार मिनिटं. अंबाबाईच्या देवळात गरुड मंडप, पितळी उंबरा, चांदीचा उंबरा असा टप्प्याटप्प्यानं येणारा उजेड ज्यांनी बघितलाय ते हे लगेच ओळखतील. पण कवडसा सरळ वर चढत नाही. सूर्य मावळताना उत्तरेकडं झुकतो, म्हणून उजेड दक्षिणेला, म्हणजे मूर्तीच्या डाव्या हाताला, पायांपासून मुखापर्यंत ३० सें.मी.हून जास्त सरकतो. २७ अंश मोजायचे ते मुखाच्या क्षणाला.

आणखी एक बारकावा. टोकाच्या आधीच्या पर्वात पहिल्या दिवशी उजेड मूर्तीच्या डाव्या अंगाला झुकलेला असेल, तिसऱ्या दिवशी उजव्या. नंतरच्या पर्वात उलट.

रंकाळाकाठ
आभारी आहे, ५०-२५० घेतो. लेण्यासमोर किलोमीटरभरावर एक टेकडी आहे, तिच्यावर गाव. ती ठेवली तर चालेल?

दगडी उंबरा
टेकडीनं घात होईल. किलोमीटरवर १७-१८ मीटर उंची म्हणजेच १ अंश. टेकडी लेण्याच्या तळापेक्षा २३-२४ मीटर वर आली की उजेड छातीपर्यंत चढून विझतो, मुख अंधारातच. ३६ मीटर असेल तर पायांनाही लागणार नाही. आपल्याकडं मार्गात इमारती आल्या की हेच होतं, आणि ढग, धूळ, हवेतली वाफ यांची भर निराळी. लेणं गावापेक्षा उंच कड्यावर न्या, नाहीतर गाव बाजूला सरकवा.

लिहिण्याआधी प्रतिकृती करून बघा. पुठ्ठ्याची ६० सें.मी. लांब पेटी, आतून काळा कागद, एका टोकाला ६ मि.मी. रुंद आणि २० मि.मी. उंच फट, दुसऱ्या टोकाला आत ट्रेसिंग पेपर. पेटी १०० पट लहान असली तरी कोन तेच राहतात, आणि सूर्य खराच असल्यानं कडेची धूसरताही खरी दिसते. रंकाळा तलावावर पश्चिम मोकळी मिळेल तिथं मावळतीआधी २० मिनिटं मांडा. पेटी पूर्ण सपाट हवी. एका टोकाखाली १ सें.मी. गेला तरी जवळजवळ एक अंश बिघडतो. दिशा मोबाईलच्या होकायंत्रावर लावू नका, ते दोन-चार अंश सहज हुकतं. कागदावरचा उजेड बघत पेटी फिरवा, फटीतून सूर्याकडं डोळा लावायचा नाही. एकदा जुळली की हात लावू नका, आणि दुसऱ्या दिवशी त्याच जागी तिच्यातला उजेड किती सरकला ते पट्टीनं मोजा.