मदत हवी आहे: 'ब्रिटिश' कोण, हे तक्त्यात कसं मांडायचं?

साम्राज्य आटत गेलं तशी 'ब्रिटिश' या शब्दाची व्याप्ती कशी आकसली, याचा एक पानी तक्ता करतोय. उदाहरण नैरोबीतल्या भारतीय कुटुंबांचं.

1948 च्या कायद्याने नैरोबीत जन्मलेला मुलगा आणि लंडनमध्ये जन्मलेला मुलगा एकाच नागरिकत्वाचे. 1962 मध्ये वसाहतींतून येणाऱ्यांवर निर्बंध आले, पण लंडन सरकारने दिलेला पासपोर्ट असेल तर सूट. गंमत अशी, की केनिया 12 डिसेंबर 1963 ला स्वतंत्र झाल्यावर पासपोर्ट वसाहतीच्या गव्हर्नरऐवजी ब्रिटिश हायकमिशन, म्हणजे लंडन सरकारचं तिथलं कार्यालय, देऊ लागलं. म्हणजे स्वातंत्र्यानेच सूट मिळाली! केनियाच्या नागरिकत्वासाठी दोन वर्षांत नोंदणी न केलेले बरेच जण ब्रिटिशच राहिले. 1968 च्या कायद्याने ती वाट बंद केली: स्वतः, आईवडील किंवा आजीआजोबा यांपैकी कोणीतरी ब्रिटनमध्ये जन्मलेलं (किंवा तिथे नागरिक झालेलं) हवं. 1 जानेवारी 1983 पासून यातले उरलेले 'ब्रिटिश ओव्हरसीज सिटिझन': पासपोर्ट ब्रिटिश, ब्रिटनमध्ये राहण्याचा हक्क नाही.

अडचणी अशा:

केनियातलं मोंबासा वसाहतीत नव्हे, संरक्षित प्रदेशात (प्रोटेक्टोरेट) होतं. तिथे जन्मलेले बहुधा नुसते 'संरक्षित व्यक्ती', म्हणजे ब्रिटिश संरक्षण असलेले पण नागरिक नसलेले. त्यांना वेगळा रकाना द्यावा का? गोव्यात जन्मून तिकडे गेलेले तर पोर्तुगीज नागरिक, त्यांना मी वगळतोय.

'पेट्रिअल' (1971 च्या कायद्यातला शब्द: प्रामुख्याने जन्म किंवा पूर्वजांमुळे ब्रिटनमध्ये राहण्याचा हक्क असलेली व्यक्ती) याला मराठीत काय म्हणावं? 'मूळनिवासी' साफ चुकीचं वाटतं, कारण मुद्दा वंशजाचा आहे.

आणि ठळक रेघ 1968 वर मारू की 1971 वर? माझा कल 1968 कडे आहे.