व्हायब्रेशनची थिअरी स्वतःच्या शब्दात लिहायची म्हणजे नेमके कुठले शब्द बदलायचे?

खानापूर_मेक:
नमस्कार मंडळी, बेळगावात मेकॅनिकल फायनल इयरला आहे. आमचा प्रोजेक्ट उद्यमबागमधल्या एका फौंड्रीतल्या ब्लोअरच्या व्हायब्रेशनवर. रीडिंग, एफएफटी (कुठल्या फ्रिक्वेन्सीला किती हलतंय ते काढणं) सगळं झालंय, पण थिअरीच्या चॅप्टरला गाईड म्हणायलेत की पुस्तकातलं जसंच्या तसं नको, सिमिलॅरिटी चेकला, म्हणजे कॉपी किती आहे ते तपासायला जाणार. ग्रुपमधला एकजण म्हणतोय शब्द बदलणाऱ्या साईटवर टाकूया, दोन मिनिटांत होतंय. त्यानं एक पॅरा टाकून दाखवला तर स्टिफनेसचं स्ट्रेंथ झालं, व्हेलॉसिटीचं स्पीड, डॅम्पिंगच्या जागी आयसोलेशन. वाचायला बरं दिसतंय पण मला खटकायलंय. आणि मी दहावीपर्यंत मराठी मीडियमचा, इंग्रजीत स्वतःचं वाक्य करायचं म्हटलं की हात अडतो. काय करू सांगा की.

मेंटेनन्सवाला_मच्छे:
भावा, खटकायलंय ते बरोबरच आहे. तुमची मोटर १४४० आरपीएमची असणार, म्हणजे स्पीड १४४०. व्हायब्रेशन व्हेलॉसिटी म्हणजे बेअरिंग हाउसिंग किती मिलिमीटर पर सेकंदानं हलतंय ते. दोन्हीला स्पीड लिहिलास तर "स्पीड वाढला" वाचून आमच्यासारखा माणूस मोटरकडं बघत बसेल. स्टिफनेस आणि स्ट्रेंथचं तर त्याहून वाईट. स्टिफनेस म्हणजे किती फोर्सला किती वाकतंय, स्ट्रेंथ म्हणजे कधी मोडतंय. बेसला साध्या स्टीलऐवजी भारीतलं हाय स्ट्रेंथ स्टील घातलं तरी त्याचा यंग्ज मॉड्युलस, म्हणजे मटेरियलचा स्वतःचा ताठरपणा, तोच, २०० जीपीएच्या (गिगापास्कल) आसपास, माप तेच ठेवलं तर नॅचरल फ्रिक्वेन्सी (ठोकून मोकळं सोडल्यावर सेकंदाला किती वेळा हलतंय ती) बदलत नाही. तुझ्या रिपोर्टवरून कुणी महागाची प्लेट आणली तर पैसे पाण्यात.

शिकवणारी_टिळकवाडी:
डॅम्पिंगबद्दल मी सांगते. डॅम्पिंग एनर्जी खातं, आयसोलेशन मशीनचं हलणं पायाकडं जाऊ देत नाही. फोर्सिंग फ्रिक्वेन्सी, म्हणजे मशीन सेकंदाला किती वेळा ढकललं जातंय ती, नॅचरलच्या १.४१ पटीपेक्षा वर असली की डॅम्पिंग वाढवल्यावर उलट जास्त फोर्स खाली जातो, म्हणजे तिथं हे दोन शब्द एकमेकांच्या विरोधात काम करतात, अदलाबदल करून कसं चालेल बाळा?

आणि टर्म बदलायची मुळात गरजच नाही. यूजीसीच्या २०१८ च्या नियमात सिमिलॅरिटी मोजताना जेनेरिक टर्म, नियम, स्टँडर्ड चिन्हं आणि समीकरणं वगळायची असं स्पष्ट लिहिलंय, सोर्स देऊन कोट केलेला मजकूरसुद्धा. नॅचरल फ्रिक्वेन्सी शंभर वेळा आली तरी कुणी धरत नाही. उलट टर्म बदलली की लगेच पकडलं जातं. फ्रान्समधले संशोधक गियोम काबानाक यांनी सहकाऱ्यांसोबत २०२१ मध्ये असले शेकडो पेपर शोधून काढले, तिथं आर्टिफिशियल इंटेलिजन्सचं "काउंटरफिट कॉन्शसनेस" झालं होतं.

तू असं कर, पुस्तक मीट, ब्लोअरच्या ऑपरेटरला समजावतोस असं धरून मराठीत बोल, मोबाईलवर रेकॉर्ड कर आणि मग ते इंग्रजीत उतरव. वाक्यं छोटी झाली तरी चालतात. ज्या पुस्तकातून समजलं त्याचं नाव मात्र द्यायचंच, शब्द स्वतःचे असले तरी.

खानापूर_मेक:
मॅडम लगेच करून बघितलं. बघा कसं वाटतंय: "ब्लोअर बंद ठेवून बेसवर रबरी हॅमर मारला की तो आपल्या आपण हलतो, ते फ्री व्हायब्रेशन, त्याची नॅचरल फ्रिक्वेन्सी आम्हाला २७ हर्ट्झ मिळाली. चालू असताना इंपेलरचा (आतल्या फिरणाऱ्या पंख्याचा) अनबॅलन्स प्रत्येक फेऱ्याला एकदा ढकलतो, १४४० भागिले ६० म्हणजे २४ हर्ट्झ, ते फोर्स्ड. दोन्ही जवळ आल्यामुळं हलणं फार वाढून रेझोनन्स झालाय. बेसचं वजन वाढवावं."

शिकवणारी_टिळकवाडी:
छान! हे कुठल्याच पुस्तकात असं सापडणार नाही. फक्त "रेझोनन्स झालाय" नको, "रेझोनन्सच्या जवळ आहे" लिही.

मेंटेनन्सवाला_मच्छे:
शेवटचं वाक्य काढ आधी. वजन वाढवलंस की २७ खाली उतरून २४ च्या अंगावर येणार. बेसला रिब वेल्ड करून स्टिफनेस वाढवा म्हणजे ती वर सरकेल, आणि वेल्डिंग झाल्यावर परत एकदा हॅमर मारून ते रीडिंग पण रिपोर्टला जोड. इंपेलर बॅलन्स करून घ्या हे पण लिही, मूळ ढकलणारा तोच आहे.