मदत हवी आहे: मुलीची पाळी थांबत नाही, हिमोग्लोबिन ७ वर आलंय

सायली_बार्शी:
मुलगी आठवीत आहे. पाळी आल्यापासून दर वेळी नऊ-दहा दिवस अंगावरून जातं, मोठ्या गाठी पडतात. आत्ताही चालू आहे. पॅड तासाभरात भिजतं. रात्री गजर लावून उठवते तरी चादर खराब होते. शाळा बुडतेय, परीक्षा तोंडावर आलीय. सोनोग्राफी नॉर्मल, रक्ताच्या सगळ्या तपासण्या नॉर्मल, फक्त हिमोग्लोबिन ७. मॅडम म्हणाल्या, पहिली दोन वर्षं असं होतं, लोहाच्या गोळ्या द्या. त्या चालू आहेत. रक्त थांबायला काय करू ते सांगा. 'डॉक्टरांना दाखवा' एवढंच लिहू नका, दाखवून झालंय.

मृण्मयी:
'सगळ्या तपासण्या' म्हणजे कोणत्या? नावं लिहा. चक्कर, धाप, छातीत धडधड आहे का?

अण्णा_दापोली:
अंगात उष्णता आहे. दूर्वांचा रस अनशापोटी आणि रात्री गुलकंद. आमच्या घरात तीन पिढ्या हेच चालतं, कुणाला दवाखाना लागला नाही.

सायली_बार्शी:
सीबीसी, प्लेटलेट, पीटी, एपीटीटी, थायरॉईड. उठून उभी राहिली की चक्कर येते. अण्णा, दूर्वा आजच आणते.

मृण्मयी:
सायलीताई, तासाला एक पॅड, हिमोग्लोबिन ७ आणि चक्कर. इथल्या उत्तरांची वाट बघू नका. रक्त चढवायची सोय असलेल्या दवाखान्यात आत्ता न्या. दूर्वा राहू द्यात.

लॅबवाली:
मृण्मयीला अनुमोदन. मी रक्ततपासणीच्या लॅबमध्येच काम करते म्हणून सांगते, पीटी आणि एपीटीटी या रक्त गोठायला लागणाऱ्या वेळेच्या तपासण्या नॉर्मल आल्या म्हणजे रक्त गोठण्यात दोष नाही असं होत नाही. वॉन विलेब्रँड आजारात (त्याच नावाचं, रक्त गोठायला मदत करणारं प्रथिन कमी किंवा सदोष असतं) दोन्ही नॉर्मल येऊ शकतात. प्लेटलेट मोजायला भरपूर आणि कामाला अपुऱ्या असंही असतं. आता सांगा: घोळणा फुटतो का? निळे डाग पडतात का? घरात कुणाचं रक्त लवकर थांबत नाही असं आहे का? लोहाशिवाय कुठली गोळी घेते?

सायली_बार्शी:
घोळणा लहानपणापासून फुटतो, पण तो उन्हाने. डाग पडतात, ती खो-खो खेळते. माझ्या माहेरी कुणालाच त्रास नाही. तिच्या वडिलांची दाढ काढली तेव्हा दुसऱ्या दिवशीही रक्त येत होतं, टाके घालावे लागले. पण पाळीच्या प्रश्नात त्यांचा काय संबंध? गोळी फक्त पोटदुखीची, मेफेनॅमिक अ‍ॅसिड.

लॅबवाली:
संबंध आहे, फार आहे! हा आजार वडिलांकडूनही येतो, मुलगा-मुलगी दोघांत. पुरुषांना पाळी नसते, त्यामुळे दाढ काढेपर्यंत किंवा ऑपरेशन होईपर्यंत कुणाच्या लक्षात येत नाही. आणि ती पोटदुखीची गोळी लगेच डॉक्टरांच्या कानावर घाला. अ‍ॅस्पिरिन, आयबुप्रोफेन, मेफेनॅमिक यांनी प्लेटलेटचं काम मंदावतं. अशा मुलींना दुखण्यावर पॅरासिटामॉल देतात.

केदार_फार्मा:
चूक. मेफेनॅमिकने पाळीतला रक्तस्राव कमी होतो, आम्ही त्यासाठीच देतो.

लॅबवाली:
गोठण्याचा दोष नसलेल्या बायकांत होतो. इथे दोषाचीच शंका आहे, म्हणून ती नको.

घारेकाकू:
इतकं घाबरवू नका पोरीला. बाळंतपण झालं की सगळं सुरळीत होतं. माझ्या आईला असंच जायचं, शेवटी पिशवी काढली, सुटली बिचारी.

नंदिनी_क:
काकू, तेरा-चौदा वर्षांच्या मुलीला बाळंतपणाचा उपाय? आणि या आजारात बाळंतपणानंतरचा रक्तस्रावच जास्त धोक्याचा. बीडच्या ऊसतोड बायकांच्या पिशव्या काढल्याच्या बातम्या २०१९ मध्ये आल्या, तेव्हा सगळे हळहळलो. जास्त जातंय तर पिशवी काढा, हे आपण अजून किती वर्षं म्हणणार?

अभिजित_वाचक:
डॉ. एरिक फॉन विलेब्रँड यांनी १९२६ मध्ये हा आजार प्रथम मांडला, फिनलंडच्या ऑलंड बेटांवरच्या एका कुटुंबावरून. त्यातली मुलगी चौथ्या पाळीत रक्तस्रावाने गेली.

मृण्मयी:
अभिजित, माहिती खरी असेल, पण घाबरलेल्या आईच्या धाग्यावर हे आत्ता लिहायची गरज होती का? सायलीताई, तेव्हा औषधं नव्हती. आज रक्तस्राव कमी करणारं ट्रॅनेक्झॅमिक अ‍ॅसिड आहे, हार्मोनच्या गोळ्या आहेत. माझ्या भाचीला दोन्ही दिलं होतं, आता ती कॉलेजला जाते.

अण्णा_दापोली:
एवढ्याशा मुलीला हार्मोन? पुढे मूल होणार नाही.

मृण्मयी:
अण्णा, डॉक्टरांच्या देखरेखीत काही महिने घेतलेल्या गोळ्यांनी वंध्यत्व येत नाही. अशा भीतीपायीच मुली वर्षानुवर्षं अंगावर काढतात.

केदार_फार्मा:
पण त्यातल्या इस्ट्रोजेनने वॉन विलेब्रँडची पातळी वाढलेली दिसते. तपासणी आधी, गोळ्या नंतर.

लॅबवाली:
नमुना आधी काढता आला तर उत्तमच. पण त्यासाठी उपचार थांबवायचे नाहीत. तपासणी पुन्हाही करता येते, बहुतेकदा करावीच लागते, कारण ताण आणि आजारपणानेही पातळी वर जाते. नावं लिहून घ्या: वॉन विलेब्रँड अँटिजेन, वॉन विलेब्रँड अ‍ॅक्टिव्हिटी, फॅक्टर आठ (गोठण्याचंच आणखी एक प्रथिन), फेरिटिन (अंगातला लोहाचा साठा), रक्तगट. 'ओ' गटात ही पातळी मुळातच कमी असते. रक्ताची नळी बर्फात ठेवून लांब पाठवू देऊ नका, आकडा खोटा कमी येतो. मुंबईत परळला केईएमच्या आवारात आयसीएमआरची (केंद्राची वैद्यकीय संशोधन परिषद) एनआयआयएच ही संस्था रक्ताच्या याच आजारांवर काम करते. डॉक्टरांना तिथे विचारायला सांगा.

स्वरा२२:
मेन्स्ट्रुअल कप वापरून बघा, पॅडचा खर्च वाचतो.

सायली_बार्शी:
सोलापूरला दाखल केलंय. ट्रॅनेक्झॅमिक शिरेतून दिलं, जाणं बरंच कमी झालं. रक्ताची पिशवी लावायची आहे, त्याआधी नमुना काढून घ्या म्हटलं, ते हो म्हणाले. रक्ताच्या आजारांच्या डॉक्टरांकडे चिठ्ठी देणार आहेत. एक राहिलं सांगायचं. हिच्या वडिलांचं हर्नियाचं ऑपरेशन पुढच्या महिन्यात ठरलंय. काही करायला हवं का?

लॅबवाली:
हो! सर्जनना दाढेची गोष्ट आणि मुलीचं सगळं आत्ताच सांगा, ऑपरेशनच्या दिवशी नको. त्यांच्याही याच तपासण्या करून घ्या. हर्निया फार दुखत नसेल तर रिपोर्ट येईपर्यंत तारीख पुढे ढकलता येईल का, तेही विचारा.