पाइपलाइनीच्या चरात मगरीची अंडी निघाली, काय करायचं?

मळीवाला:
चिक्कोडी तालुका, कृष्णाकाठ. मोटरीच्या पाइपला चर काढताना हातभर खाली मगरीची अंडी लागली. पंचवीस-एक असतील. दोन चरात घरंगळली, बाकीची जागच्या जागी आहेत. काम थांबवलंय. शेजारी म्हणतात, टोपलीत घालून लांब डोहाकाठी पुरून टाका. चालेल का ओ?

दूधगंगाकाठ:
टोपली तेवढी आणू नका! अंडं घातल्यापासून साधारण २४ तासांत गर्भ कवचाला वरच्या बाजूनं आतून चिकटतो. त्यानंतर अंडं उलटलं की गर्भ मरतो. कोंबडीची अंडी फिरवायची सवय असते, इथं ती मारक. घरंगळलेल्या दोन्हींची वरची बाजू आता कळणार नाही, ती अरण्य खात्याची माणसं बघतील. उघडी पडलेली अंडी त्याच खड्ड्यातल्या मातीनं, होती तेवढ्याच जाडीनं झाका. चोपायचं नाही, पाणी मारायचं नाही. थर कमीजास्त झाला की आतलं तापमान बदलतं, आणि नर की मादी हे तापमानावरच ठरतं: ३० अंशांला माद्याच, साडेबत्तीसच्या आसपास नर जास्त.

मग अरण्य खात्याला कळवा. १९७२ च्या वन्यजीव कायद्यात मगर पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सगळ्यांत कडक संरक्षणाच्या यादीत आहे, अंडी हलवणं हाही गुन्हाच. हलवायचीच वेळ आली तर खातं प्रत्येक अंड्यावर पेन्सिलीनं वरची बाजू खुणावतं आणि घरट्यातल्याच मातीच्या थरात, उन्हाआधी नेतं. तरीही काही अंडी वाया जातातच.

घटप्रभा_डोह:
वरच्यात एक भर. कुत्री, मुंगूस, घोरपड येतात म्हणून लोक चारी बाजूंनी जाळी मारतात, तिथंच घात होतो. पिल्लं आतून ओरडतात, तेव्हा आई माती उकरते आणि तोंडात धरून त्यांना पाण्यात नेते. मळीची, म्हणजे नदीकाठच्या गाळाची माती वाळली की दगड होते. आई पोचली नाही तर पिल्लं खालीच मरतात. पाण्याकडची बाजू मोकळीच ठेवा. अंडी फेब्रुवारी ते एप्रिल, पिल्लं त्यानंतर दोनेक महिन्यांत; तोवर चर दुसरीकडून वळवा. पाइप चार नळ्यांनी वाढेल, वाढू दे.

मळीवाला:
बरं. पण पाणी उतरलं की फूटव्हॉल (पाण्यात सोडलेल्या पाइपच्या तोंडाची झडप) उघडा पडतो, तिथं जावंच लागतंय. आई तिथंच असणार की.

दूधगंगाकाठ:
असणारच, या दिवसांत घरट्याजवळून ती हलत नाही. फूटव्हॉल रिकाम्या प्लॅस्टिक पिंपाला बांधून तरंगता ठेवा, मध्ये लवचीक होस, आणि दोरी काठावरच्या खुंटाला. म्हणजे वरूनच ओढता येतो. मोटरीची थ्री फेज वीज रात्रीची असेल तर स्टार्टर (मोटर चालू करायची पेटी) काठावर नको, वर रानात घ्या. पाण्याशी वाकून किंवा बसून काम करायचं नाही, मगर तेवढ्याच उंचीवर झेप घेते. उतरायचंच झालं तर दिवसा, दोघांनी, एकानं फक्त पाण्यावर नजर ठेवायची.