मदत हवी आहे : रोमच्या हवाई छायाचित्राचे साल कसे ठरवावे?

अडकित्ता : आजोबांच्या ट्रंकेत रोम शहराचे विमानातून घेतलेले एक कृष्णधवल छायाचित्र सापडले आहे. ते कुटुंबाच्या स्मरणिकेत छापायचे असून मजकूर परवा छापखान्यात द्यायचा आहे, पण चित्राखाली कोणते साल लिहावे यावर घरात एकमत होत नाही. जाणकारांनी कृपया लवकर सांगावे.

वातकुक्कुट : चित्रात काय दिसते हे कळल्यावाचून साल कोण सांगणार? शिवाय ‘विमानातून’ हेही गृहीत धरू नका. पुरातत्त्वज्ञ जाकोमो बोनी यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच फोरमच्या (प्राचीन रोमच्या मुख्य चौकाच्या) उत्खननाची छायाचित्रे लष्करी बलूनमधून घेववली होती.

अडकित्ता : विमानच असणार, कारण आजोबा मराठा लाइट इन्फन्ट्रीत होते आणि 1944 साली इटलीच्या मोहिमेवर होते. चित्रात अगदी पुढे सेंट पीटर्सचा घुमट आहे, त्यामागे खांबांनी वेढलेला चौक, चौकाच्या पलीकडे नदीपर्यंत दाटीवाटीची घरे आणि दूर उजवीकडे एक मोठी पांढरीशुभ्र इमारत. सावल्या आपल्याकडे पडल्या आहेत.

गच्चीवरून : सावली हाच खरा पुरावा आहे. चौकातला ओबेलिस्क (उंच, निमुळता दगडी स्तंभ) चौथरा सोडून सुमारे 25 मीटर उंच आहे. त्याच्या सावलीची लांबी कळवा, सूर्याची उंची मी काढून देतो.

वातकुक्कुट : त्यातून फार तर महिन्याचा अंदाज निघेल, साल नव्हे. सूर्य 1925 च्या मे महिन्यात ज्या कोनात होता त्याच कोनात तो 1945 च्या मे महिन्यातही होता. कॅमेरा पूर्वेकडे रोखलेला आहे आणि सावल्या पश्चिमेला पडल्या आहेत, म्हणजे वेळ सकाळची, एवढेच त्यातून ठरते.

अवकाशवेडा : रोमच्या मध्यभागावर आणि व्हॅटिकनवर ड्रोन उडवायला बंदी आहे, हे जाणाऱ्यांनी लक्षात ठेवावे.

जुना नकाशा : ड्रोनचे कोणी विचारलेले नाही. उत्तर ‘नदीपर्यंत दाटीवाटीची घरे’ या शब्दांतच आहे. दोन अरुंद रस्त्यांच्या मधोमध असलेल्या घरांच्या त्या लांबट ओळीला तिथे ‘स्पिना’ म्हणत. मुसोलिनीच्या राजवटीत 1936 साली ती पाडायला सुरुवात झाली आणि तिच्या जागी आलेला रुंद रस्ता, व्हिया देल्ला कोन्चिलियाझिओने, 1950 साली पूर्ण झाला. स्पिना शाबूत असेल तर चित्र 1944 चे असूच शकत नाही. पांढरी इमारत इटलीचा राजा व्हित्तोरियो इमानुएले याच्या स्मारकाची दिसते. तिचे उद्घाटन 1911 चे. आता भिंग घ्या आणि तिच्या डाव्या अंगाने कोलोसियमकडे सरळ रस्ता जातो का, ते पाहा. तो 1932 साली खुला झाला.

अडकित्ता : रस्ता आहे, पट्टीने आखल्यासारखा. घरेही शाबूत आहेत. पण आजोबांनी हे चित्र स्वतः विमानात बसून घेतले, असे आत्या लहानपणापासून सांगत आली आहे.

जुना नकाशा : मग काळ 1932 ते 1936 एवढा आखूड झाला. चित्राच्या मागच्या बाजूला काय आहे?

अडकित्ता : मधोमध एक उभी रेघ, उजवीकडे चार आडव्या रेघा आणि कोपऱ्यात एक रिकामा चौकोन. हे सांगण्यासारखे वाटले नव्हते.

वातकुक्कुट : अहो, ते पोस्टकार्ड आहे! चौकोन तिकिटाचा आणि रेघा पत्त्याच्या. जुन्या निगेटिव्हवरून अशी कार्डे पुढे कित्येक वर्षे छापली आणि विकली जात, त्यामुळे चित्र काढल्याचे साल आणि कार्ड विकत घेतल्याचे साल वेगळे असायला काहीच हरकत नाही.

अडकित्ता : सर्वांचे आभार. ‘रोम, 1932 ते 1936 च्या दरम्यान, आजोबांनी आणलेले पोस्टकार्ड’ असे छापायला देतो. आत्याला मात्र स्मरणिका छापून आल्यावरच दाखवीन.

गच्चीवरून : सावलीची लांबी अजून कळवली नाहीत.