अनुभव धागा: माळ्यावरचा जुना पीसी उघडताना, चालवताना काय बघायचं?

गोदाकाठ
दिवाळीची आवराआवर सुरू झाली की नाशकात माळ्यावरचे जुने पीसी खाली येतात आणि थेट भंगाराच्या गाडीवर चढतात. आज कॉलनीत ४८६ (जुना प्रोसेसर) असलेली एक पेटी तशीच जाताना दिसली आणि जुनं सगळं आठवलं. वाईट वाटतं, कारण यातली बरीच मशीन मेलेली नसतात, फक्त सेल संपलेला असतो. ३८६-४८६च्या बऱ्याच बोर्डांवर ३.६ व्होल्टचा निळा निकेल-कॅडमियम सेल सोल्डर केलेला असे. तो गेला की हार्ड डिस्कचे सिलिंडर, हेड, सेक्टर हे आकडे सीमॉसमधून (सेटिंग लक्षात ठेवणाऱ्या छोट्या मेमरीतून) पुसले जातात. मशीनला डिस्क सापडत नाही आणि लोक डिस्कच गेली समजतात. बहुतेक डिस्कच्या लेबलवर हे तीन आकडे छापलेले असतात. सेटअपमध्ये जाऊन तेच भरा. तारीख १९८० दिसली तर घाबरू नका, डॉस (त्या काळची ऑपरेटिंग सिस्टिम) तिथूनच दिवस मोजतो.
सेल फुटून हिरवं आलं असेल तर आधी तो कापून काढा. गळतं ते अल्कली, म्हणून कापसाच्या काडीने व्हिनेगर लावायचं, मग आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून पूर्ण वाळवायचं. उशीर केला तर तांब्याच्या रेषा खाल्ल्या जातात.
तुमच्याकडची माहितीही लिहा, नवीन मुलांना उपयोगी पडेल.

सातपूरकर
गोदाकाठ दादा, पॉवर सप्लायचं राहिलं. मागचा लाल स्विच २३० वर आहे ना ते आधी बघा. जुन्या एटी सप्लायला पी८ आणि पी९ असे दोन कनेक्टर असतात. दोन्हीच्या काळ्या वायरी मध्ये, शेजारीशेजारी आल्या पाहिजेत. उलटे लावले तर बोर्ड जळतो. आणि सप्लायचा डबा उघडू नका. प्लग काढल्यावरही आतल्या कपॅसिटरवर ३०० व्होल्टच्या वर दाब राहू शकतो.

निफाडची_लेक
वडिलांचे द्राक्षबागेचे फवारणीचे हिशेब साडेतीन इंची फ्लॉप्यांत आहेत. आतल्या चकतीवर पांढरे ठिपके आलेत. गेलं का सगळं?

सातपूरकर
ताई, नाही, पण तशीच ड्राइव्हमध्ये घालू नका. ती बुरशी आहे. हेडला चिकटली की पुढच्या चांगल्या फ्लॉपीलाही ओरखडे पडतात. पत्र्याचं झाकण सरकवून धरा, मागची धातूची चकती बोटाने हळूहळू फिरवा आणि अल्कोहोलच्या काडीने दोन्ही बाजू पुसा. पूर्ण वाळू द्या. कोपऱ्यातली पट्टी सरकवून भोक उघडं ठेवा, म्हणजे चुकून काही लिहिलं जाणार नाही. मग फाइली एकेक उघडत बसू नका. लिनक्सवर डीडीरेस्क्यू या प्रोग्रॅमने अख्ख्या फ्लॉपीची इमेज (हुबेहूब प्रत) घ्या आणि फाइली त्या इमेजमधून काढा. प्रत्येक खराब फ्लॉपीनंतर ड्राइव्हचं हेड पुसायचं.

निफाडची_लेक
खूप आभार. आत्ता पोळ्या चालू आहेत, रात्री करते.

मास्तर
मुलांसाठी फ्लॉपीचा हिशेब लिहून ठेवतो. ८० ट्रॅक × २ बाजू × १८ सेक्टर × ५१२ बाइट = १४,७४,५६० बाइट. त्याला १.४४ एमबी म्हणतात, म्हणजे १४४० गुणिले १०२४.
प्रोग्रॅमला ६४० केबीच मेमरी, हे कुठून आलं हेही मुलं विचारतात. आयबीएम पीसी १९८१ चा. त्यातला ८०८८ प्रोसेसर ४.७७ मेगाहर्ट्झचा, पत्त्याच्या रेषा २०. दोनाचा विसावा घात म्हणजे १ एमबी. तेवढीच जागा. त्यातली वरची ३८४ केबी डिस्प्ले आणि रॉमसाठी राखली, प्रोग्रॅमला उरली ६४०. त्याच्या दहा वर्षं आधी, १९७१ मध्ये आलेल्या इंटेलच्या ४००४ चिपमध्ये ट्रान्झिस्टर होते साधारण २३००. आपल्याकडे टीआयएफआरने (टाटा मूलभूत संशोधन संस्थेने) मुंबईत टिफ्रॅक हा संगणक पूर्ण केला तो १९६० मध्ये, व्हॅक्यूम ट्यूबांवर. मेमरी फेराइटच्या कड्यांची, एका कडीत एक बिट. हे सांगितलं की बिट म्हणजे काय ते मुलांना पटकन कळतं.

रात्रपाळी
फ्लॉपीचा दिवा सतत पेटलेला राहिला तर रिबन केबल उलटी लागली आहे. लाल कडा पिन १ कडे. पिळलेल्या टोकाला लावलेला ड्राइव्ह ए, मधल्या सरळ जोडावरचा बी.
बाकी गंगापूर रोडला पाऊस आहे का कुणाकडे? कपडे वाळत आहेत.

गोदाकाठ
इकडे कोरडं आहे, पण ढग आलेत. काढून घ्या.

जुळारी
छापखान्यातल्या जुन्या मराठी फाइलींबद्दल लिहितो. युनिकोडच्या (सगळ्या लिपींसाठीच्या आजच्या कोडच्या) आधीच्या फॉन्टमध्ये इंग्रजी अक्षरांच्या जागी देवनागरीचे तुकडे बसवलेले असत. म्हणून नव्या मशीनवर उघडलं की कचरा दिसतो. मजकूर शाबूत असतो, फॉन्ट नसतो. त्यामुळे हार्ड डिस्क पुसण्याआधी फॉन्टचं फोल्डर वेगळं काढा, त्याशिवाय पुढचं सगळं अंदाजाने करावं लागतं. त्यात ऱ्हस्व वेलांटी व्यंजनाच्या आधी साठवलेली असते, युनिकोडमध्ये नंतर. कन्व्हर्टर ती फिरवतो, पण जोडाक्षर आलं की चुकतो. रफार, रकार आणि ‘ऱ्य’ तिन्ही डोळ्यांनी तपासा. लग्नपत्रिकेत ‘आशीर्वाद’ हमखास बिघडतो.

मास्तर
जुळारी काका, इस्की या भारतीय लिपींच्या जुन्या कोडमधल्या फाइली असतील तर सोपं जातं ना? १९९१ चं मानक आहे ते.

जुळारी
हो, तिथे उच्चाराच्या क्रमाने साठवण असते, म्हणून जवळपास एकास एक बदल होतो. सी-डॅकच्या जिस्ट कार्डावर (पीसीत भारतीय लिपींसाठी बसवायचं कार्ड) केलेल्या फाइली बहुधा सुटतात.

रात्रपाळी
मशीन चालू होताना एक लांब दोन आखूड शिट्टी म्हणजे अवॉर्ड बायोसवर (बायोस म्हणजे मशीन सुरू करणारा प्रोग्रॅम) डिस्प्ले कार्डची अडचण. लांब शिट्टी पुन्हापुन्हा येत असेल तर रॅमची. पेन्सिलचा रबर रॅमच्या सोनेरी कडांवर हलका फिरवा, चुरा ब्रशने झाडा. लोखंडी पेटीला हात लावून मगच रॅमला हात.

अंबड_टूलरूम
हे सगळं माळ्यावरचंच नाही. इथल्या शेडमध्ये जुन्या सीएनसी (संगणकाच्या आज्ञेवर धातू कापणारी मशीन) अजून याच तंत्रावर चालतात. फॅनुक झीरो कंट्रोलला (मशीन चालवणाऱ्या संगणकाला) पॅरामीटर, म्हणजे मशीनची सेटिंग, सांभाळायला तीन मोठे डी साइजचे अल्कलाइन सेल असतात. मशीन चालू ठेवूनच बदला. बंद करून काढले तर पॅरामीटर आणि प्रोग्रॅम दोन्ही पुसले जाऊ शकतात.

सातपूरकर
आणि मशीनमधून सिरियल केबलने लॅपटॉपवर प्रोग्रॅम घेताना काय सेटिंग ठेवता?

अंबड_टूलरूम
४८०० बॉड, ७ बिट, ईव्हन पॅरिटी, २ स्टॉप बिट, हँडशेक एक्सऑन-एक्सऑफ. मशीनवर वेगळं ठेवलं असेल तर दोन्हीकडे जुळवा. फाइलीच्या सुरुवातीला आणि शेवटी % हवाच, नाहीतर कंट्रोल वाट बघत बसतो. केबल १५ मीटरच्या आत. जोडताना लॅपटॉप आणि मशीन दोन्ही बंद, अर्थिंगमध्ये फरक असला तर पोर्ट जातो.